दुर्बिणीला दोष देण्याआधी: आकाश बघताना या चुका टाळा

हौसेने टेलिस्कोप घेतला, दोन-चार रात्री डोळा लावला, शनी काही सापडला नाही, आणि आता तो कपाटावर धूळ खातोय. ही तक्रार इतकी सर्रास ऐकू येते की तिचं निदान जवळपास पाठ झालं आहे. उपकरणात बिघाड क्वचितच असतो. गडबड होते ती डोळ्यांची तयारी, वेळेची निवड आणि अपेक्षा या तीन ठिकाणी, आणि त्यातलं काहीही सुधारायला नवी खरेदी लागत नाही.

डोळ्यांना वेळच न देणं

दिव्याखालून उठून बाहेर यायचं, पाच मिनिटं मान वर करायची आणि ‘आज काही खास नाही’ म्हणत आत जायचं. ही सगळ्यांत मोठी चूक. अंधारात बाहुली काही सेकंदांत मोठी होते, त्यामुळे डोळे सरावले असं वाटतं. पण खरं काम तेव्हा कुठे सुरू झालेलं असतं. अंधुक उजेडात बघण्याची जबाबदारी दृष्टिपटलावरच्या दंडपेशींची. त्यांच्यातलं ऱ्होडॉप्सिन हे रंगद्रव्य उजेडात विघटित होतं आणि ते पुरेसं भरून यायला २० ते ३० मिनिटं लागतात. तेवढा वेळ थांबलात तर त्याच जागेवरून, त्याच आकाशात कितीतरी जास्त तारे दिसतात. आणि विसाव्या मिनिटाला कुणाचा मेसेज आला म्हणून मोबाइल उघडलात, की सगळं मुसळ केरात.

नकाशा वाचायला उजेड हवाच असेल तर लाल आणि मंद. दंडपेशी गडद लाल प्रकाशाला फारशी दाद देत नाहीत. मात्र ‘लाल’ इतकाच ‘मंद’ हा शब्दही महत्त्वाचा आहे. आकाशनकाशाच्या अ‍ॅपचा रात्रीचा, लाल रंगाचा मोड लावून स्क्रीनची चमक पूर्ण ठेवणारे बरेच भेटतात. त्याने नुकसान व्हायचं ते होतंच.

अंधुक वस्तूकडे रोखून बघणं

आपण ज्या बिंदूकडे रोखून बघतो त्याची प्रतिमा दृष्टिपटलाच्या अशा मध्यभागावर पडते, जिथे दंडपेशी नसतातच. म्हणून फिकट तेजोमेघाकडे (अवकाशातल्या वायू-धुळीच्या ढगाकडे) टक लावली की तो गायब होतो आणि नजर हलवली की परत येतो. हा भास नव्हे. वस्तू दुर्बिणीच्या दृश्यात ठेवा, नजर थोडी बाजूला न्या आणि लक्ष मात्र वस्तूवर असू द्या. उजव्या डोळ्याने बघत असाल तर नजर वस्तूच्या उजवीकडे, डाव्याने बघत असाल तर डावीकडे. म्हणजे वस्तू नाकाच्या बाजूला राहते. उलट केलंत तर ती डोळ्याच्या अंधबिंदूवर जाऊन पडण्याची शक्यता असते. ही तिरकी नजर जमायला काही रात्री जातात. जमली की तेवढ्याच दुर्बिणीत नवं काही दिसू लागतं.

पौर्णिमेची रात्र निवडणं

पूर्ण चंद्राचा उजेड आकाशगंगेचा पट्टा आणि बहुतेक तेजोमेघ पुसून टाकतो. गंमत म्हणजे त्या रात्री खुद्द चंद्रही बघण्यालायक नसतो. सूर्यप्रकाश त्याच्यावर समोरून पडतो, सावल्या उरत नाहीत आणि विवरं सपाट दिसतात. चंद्र बघायचा तर शुक्ल अष्टमीच्या आसपास, आणि तोही प्रकाश-अंधाराच्या सीमारेषेजवळ. तिथे डोंगरांच्या सावल्या लांब पडलेल्या असतात. अर्ध्या चंद्राचा उजेड पौर्णिमेच्या जेमतेम दहाव्या हिश्शाइतका असतो, त्यामुळे डोळ्यांनाही त्रास होत नाही. तारे, आकाशगंगा आणि तेजोमेघ यांच्यासाठी अमावास्येच्या अलीकडच्या-पलीकडच्या रात्री राखून ठेवा.

‘५२५ पट’ या आकड्याला भुलणं

दुर्बिणीच्या खोक्यावर छापलेला हा ‘इतकं मोठं दिसेल’चा आकडा येतो कुठून? दुर्बिणीचं ७०० मिमी नाभीय अंतर (भिंगापासून प्रतिमा जिथे जुळते तिथपर्यंतचं अंतर) भागिले ४ मिमीचा आयपीस, म्हणजे डोळ्याशी येणारं भिंग, की झाले १७५, त्याला तिप्पट करणारी बार्लो लेन्स जोडली की ५२५. गणित बरोबर आहे, पण उपयोग शून्य. भिंगाच्या व्यासाच्या दर मिलिमीटरमागे साधारण दोन पट ही व्यवहारातली कमाल मर्यादा. म्हणजे ६० मिमीच्या दुर्बिणीला १२० पट, तेही हवा स्थिर असेल तर. त्यापुढे प्रतिमा नुसती मोठी, पुसट आणि काळोखी होत जाते. शिवाय पृथ्वी फिरत असते. १०० पटीला ग्रह दोनेक मिनिटांत दृश्याबाहेर सरकतो, तर ५२५ पटीला तो पकडून ठेवणंच अशक्य.

सुरुवात नेहमी सर्वांत मोठा आकडा लिहिलेल्या आयपीसने करा, म्हणजे २० किंवा २५ मिमी; आकडा मोठा तितकी पट कमी. वस्तू सापडली, मध्यभागी आली, की मग हवं तर वाढवा. माझं मत विचाराल तर पहिलं उपकरण १०×५० ची (१० पट, ५० मिमी भिंगांची) द्विनेत्री, म्हणजे बायनॉक्युलर असावी. कोपर कशावर तरी टेकवलं तर तिच्यातून गुरूचे चंद्रही ठिपक्यांसारखे दिसतात.

छायाचित्रातले रंग शोधणं

मृग नक्षत्रातला तेजोमेघ फोटोत गुलाबी-जांभळा असतो, आयपीसमध्ये राखाडी धुराचा झुबका. दुर्बीण फसवी नाही. कॅमेरा मिनिटांमागून मिनिटं प्रकाश साठवतो, डोळ्याला ती सोय नाही, आणि इतक्या कमी प्रकाशात रंग ओळखणाऱ्या शंकुपेशी कामच करत नाहीत. मोठी दुर्बीण आणूनही हा प्रश्न फारसा सुटत नाही. पसरट वस्तू तिच्यातून मोठी दिसते, पण तिचा पृष्ठभाग नुसत्या डोळ्याला दिसतो त्याहून उजळ होत नाही. रंगांची हौस ताऱ्यांवर भागवा. मृगातला काक्षी तांबूस, तिथलाच राजन्य निळसर पांढरा, ज्येष्ठा लालसर. फोकस किंचित बिघडवला तर ताऱ्याचा ठिपका पसरतो आणि रंग जास्त सहज ओळखू येतो.

देवयानी दीर्घिकेचंही (आपल्या आकाशगंगेसारख्याच दुसऱ्या तारकासमूहाचंही) तसंच. पहिल्यांदा बघणारा ‘एवढंच?’ म्हणतो. तो पुसट डाग २५ लाख प्रकाशवर्षांवरचा आहे हे ठाऊक असेल, तर माणूस आयपीसवरून लवकर उठत नाही.

दुर्बिणीत काहीच का येत नाही?

बहुतेक वेळा फाइंडर (नळीवर बसवलेली, नेम धरायची छोटी दुर्बीण) आणि मुख्य नळी एका रेषेत नसतात. हे काम रात्री करू नका. दिवसा दूरचा मनोरा किंवा झाडाचा शेंडा मुख्य दुर्बिणीत मध्यभागी आणा आणि फाइंडरचे स्क्रू फिरवून तोच बिंदू त्याच्या फुलीवर घ्या. हे करताना दुर्बीण सूर्याच्या आसपासही वळवू नका. भिंगातून एकवटलेला सूर्यप्रकाश क्षणात दृष्टी कायमची अधू करतो, आणि दृष्टिपटलाला वेदना नसल्याने ते होताना कळतही नाही. जुन्या दुर्बिणींसोबत येणारा, आयपीसला लावायचा सौर फिल्टर उष्णतेने तडकू शकतो. तो फेकून द्या. सूर्यासाठी खास बनवलेला फिल्टर दुर्बिणीच्या तोंडाला, समोरच्या बाजूने लावायचा असतो.

ताऱ्याच्या जागी मध्ये काळं भोक असलेलं तेजस्वी वर्तुळ दिसतंय? तो ग्रह नाही, फोकस चुकलाय. वर्तुळ लहान होईल त्या दिशेने नॉब फिरवा; नीट फोकस झालेला तारा नेहमी ठिपकाच दिसतो. प्रतिमा पाण्याखाली असल्यासारखी हलत असेल तर नळीतली हवा अजून गरम आहे; दुर्बीण अर्धा-एक तास आधी बाहेर ठेवा. बंद खिडकीच्या काचेतून बघण्याचा विचार सोडून द्या. भिंगावर दव जमलं तर पुसू नका, आपोआप सुकू द्या. दवासोबत धूळही असते आणि ओरखडे कायमचे राहतात.

नकाशा आणि वेळ

ताऱ्यांच्या नकाशात पूर्व डावीकडे छापलेली बघून अनेकांना ती छपाईतली चूक वाटते. नकाशा डोक्यावर धरून बघायचा असतो. उत्तरेचं टोक उत्तरेकडे केलं की सगळं जुळतं. ध्रुवतारा सर्वांत तेजस्वी असतो, हाही असाच समज. तेजस्वितेच्या क्रमवारीत तो दुसऱ्या प्रतीचा साधा तारा आहे आणि पहिल्या चाळिसांतही त्याचा नंबर लागत नाही. सप्तर्षींतल्या क्रतू आणि पुलह यांना जोडणारी रेषा पुलहाकडून क्रतूकडे आणि तशीच पुढे पाचपट वाढवा, मग तो सापडेल. अर्थात विषुववृत्ताच्या बऱ्याच दक्षिणेला असाल तर शोधू नका, तिथून तो क्षितिजाखाली असतो.

तारे रोज सुमारे ४ मिनिटं आधी उगवतात, म्हणजे महिन्याला दोन तास. गेल्या महिन्यात रात्री दहाला जे डोक्यावर होतं ते आज आठलाच तिथे असेल. शिवाय क्षितिजालगतच्या वस्तूचा प्रकाश डोक्यावरच्या वस्तूच्या तुलनेत तिसेक पटींहून अधिक हवेतून येतो, म्हणून उगवत्या व्याधाचे लाल-हिरवे लुकलुकणारे रंग बघून लोक उडत्या तबकडीच्या बातम्या पसरवतात. त्याला दोन तास वर चढू द्या.

उल्कावर्षावात मात्र दुर्बीण आणूच नका. तिचं दृश्यक्षेत्र फार लहान असतं. बातम्यांतला ‘तासाला १००’ हा आकडा उगमबिंदू (उल्का आकाशात जिथून फुटल्यासारख्या वाटतात तो बिंदू) डोक्यावर आणि आकाश पूर्ण काळोखी आहे असं धरून काढलेला असतो. प्रत्यक्षात त्याच्या निम्म्याही दिसल्या तरी खूप. मध्यरात्रीनंतर आडवं पडा आणि उगमबिंदूपासून थोडं बाजूला बघत राहा.

शनीची कडी हरवली तर

कडी स्पष्ट दिसायला ३० पट पुरते. तेवढं असूनही २०२५ मध्ये ज्यांना ती दिसली नाहीत, त्यांची काहीच चूक नव्हती. मार्च २०२५ मध्ये कड्यांची कड नेमकी पृथ्वीच्या दिशेने होती, आणि कडी इतकी पातळ आहेत की त्या स्थितीत ती दिसेनाशी होतात. साधारण १५ वर्षांनी असं घडतं. त्यानंतर त्यांचा कल पुन्हा वाढत जातो आणि २०३२ च्या सुमारास ती पूर्ण उघडलेली असतील. कपाटावरचा टेलिस्कोप तेवढ्यासाठी तरी खाली काढा.