जर्मन लोकमताचा इतिहास शिकताना

जर्मन राजकीय विचारांच्या अभ्यासाकडे वळणारे आपल्याकडचे बहुतेक विद्यार्थी कांट, हेगेल आणि मार्क्स या क्रमाने वाचन सुरू करतात. त्यात गैर काही नाही. मात्र जर्मनीतील पदव्युत्तर अभ्यासाच्या अनुभवावरून मला असे वाटते की, विचारवंतांच्या शेजारी त्या काळचे छपाईचे कायदे ठेवून वाचले नाहीत, तर अर्धा इतिहास हातातून निसटतो. लेखकाने जाहीरपणे केलेला बुद्धीचा वापर मुक्त असला पाहिजे, असे कांटने १७८४ साली एका मासिकात लिहिले खरे. पण पुढची साठ-सत्तर वर्षे हा प्रश्न तत्त्वज्ञानाइतकाच छापखान्यातही लढला गेला.

मार्च १८१९ मध्ये कार्ल झांड या विद्यार्थ्याने मानहाइम येथे नाटककार कोत्सेबू यांचा खून केला आणि त्याचे निमित्त करून त्याच वर्षी कार्ल्सबाडचे निर्बंध, म्हणजे जर्मन राज्यांनी मिळून छपाई व विद्यापीठांवर घातलेली बंधने, आली. वीस फर्म्यांपर्यंतचा, म्हणजे सोळा पानी फर्म्याच्या हिशेबाने साधारण ३२० पानांपर्यंतचा कोणताही मजकूर छापण्याआधी सेन्सॉरला दाखवणे बंधनकारक झाले. काही राज्ये तर याहूनही कडक होती. जाड पुस्तके महाग असतात आणि सामान्य माणूस ती विकत घेत नाही, हे राज्यकर्त्यांना पक्के ठाऊक होते, त्यामुळे त्यांची भीती पातळ पुस्तिकांची आणि वर्तमानपत्रांची होती. प्रकाशकांनी मोठा टाइप व रुंद समास वापरून पुस्तके फुगवली, तर कवी हेर्वेग याने १८४३ मध्ये स्वित्झर्लंडमधून काढलेल्या संग्रहाच्या नावातच ‘एकवीस फर्मे’ असे खोचकपणे घातले. लोकमताला मानही द्यावा आणि तुच्छही लेखावे, हे हेगेलचे विधान या निर्बंधांनंतर वर्षभरात प्रसिद्ध झाले आहे, हे लक्षात ठेवून वाचले की त्याची धार वेगळी जाणवते.

या कामासाठी जुनी फ्राकटूर लिपी वाचता येणे अपरिहार्य आहे. छापील फ्राकटूर थोड्या सरावाने जमते, हस्तलिखित कुरेंट मात्र चिकाटी मागते. जर्मन भाषेची तयारी पुण्यामुंबईतच बी-२ या मध्यम-प्रगत पातळीच्या पुढे नेलेली बरी, कारण तिथल्या सेमिनारमध्ये प्राध्यापक कमी आणि विद्यार्थीच अधिक बोलतात, आणि गप्प बसणारा तयारी न करता आला आहे असे गृहीत धरले जाते.

विसाव्या शतकात अडचण उलटी होते. नाझी काळातील लोकमत शोधताना एका बाजूला सुरक्षा यंत्रणेचे गोपनीय अहवाल असतात, दुसऱ्या बाजूला परागंदा सोशल डेमोक्रॅटांनी गुप्तपणे जमवलेली वृत्ते. दोघांनाही आपापल्या कारणांसाठी काहीतरी दिसायला हवे होते, म्हणून माझ्या मते एकट्याच्या आधारावर निष्कर्ष काढूच नये. १९४५ नंतर अमेरिकी लष्करी प्रशासनाने जर्मनीतील आपल्या ताब्यातील विभागात लोकमताच्या पाहण्या घेतल्या, आणि नाझीवाद ही कल्पना चांगली होती पण अंमलबजावणी वाईट झाली, असे म्हणणाऱ्यांचे प्रमाण निम्म्याच्या आसपास निघाले. हा आकडा वापरताना प्रश्न विचारणारा जेत्या सैन्याचा होता, हे विसरून चालत नाही. तत्त्वज्ञ हाबरमासचा सार्वजनिक चर्चाविश्वाच्या घडणीवरचा १९६२ चा ग्रंथ या सगळ्यानंतर वाचावा, आधी नव्हे. अठराव्या शतकातील वाचनमंडळांबद्दलचे त्याचे कौतुक तपासून पाहण्याइतके साहित्य तोवर हाताशी आलेले असते.

पहिल्या शोधनिबंधासाठी ‘ऱ्हाइनिशे त्साइटुंग’ हे कोलोनचे वर्तमानपत्र मी आवर्जून सुचवेन. ते जानेवारी १८४२ मध्ये निघाले, ऑक्टोबरपासून मार्क्सने त्याचे संपादन केले आणि मार्च १८४३ च्या अखेरीस प्रशियन सरकारने ते बंद पाडले. एवढे अंक एका सत्रात नीट वाचून होतात, आणि मोझेल खोऱ्यातील द्राक्ष उत्पादकांच्या हलाखीवरील लेखांपासून सुरुवात केली, तर वर्तमानपत्र आणि सरकार यांच्यातील वादाचे मूळ थेट समोर येते.