ट्रॅक्टर सोडवला, पण दोन दारं ठोठावून

वाळू वाहतुकीची पावती नसताना ड्रायव्हरने रात्री ब्रासभर (शंभर घनफूट) वाळू भरली आणि महसूलच्या पथकाने ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात नेऊन लावला. चूक आमचीच. आठ दिवस मी तहसीलमध्येच चकरा मारल्या. मग कळलं, जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(८) खाली वाहन सोडायचा आदेश उपजिल्हाधिकाऱ्याच्या खालचा अधिकारी देत नाही. म्हणून प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, अर्ज केला. आरसी, विमा, पंचनाम्याची नक्कल जोडली. वाळूच्या बाजारभावाच्या पाचपट दंड, शिवाय ट्रॅक्टर-ट्रॉलीचे वेगळे १ लाख. चलन भरलं, वाहन पुन्हा असल्या कामाला लावणार नाही असा जातमुचलका दिला.

आदेश घेऊन तहसीलला गेलो तर तिथे म्हणाले, "गुन्हा दाखल आहे, कोर्टाचं पत्र आणा." आधी कुणी सांगेल तर शपथ! वकिलांनी न्यायदंडाधिकाऱ्यांकडे सुपूर्तनाम्याचा (जप्त वाहन खटला संपेपर्यंत मालकाकडे सोपवण्याचा) अर्ज टाकला (पूर्वीचं कलम ४५७, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ५०३). जप्त वाहनं ठाण्यात सडवू नयेत, हा सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा सुंदरभाई देसाई निकालही जोडला. बंधपत्रावर ताबा मिळाला.

बॅटरी उतरलेली, मागचं चाक बसलेलं. फोटो काढून पंचनाम्याशी ताडलं, तर हायड्रॉलिकचा पाइप गायब. तो तिथेच ताबा पावतीवर लिहून घेतला, मगच सही केली.