नव्वदावा दिवस : मोक्का, यूएपीए, एनडीपीएसच्या केसमध्ये डिफॉल्ट बेल मागताना

सनद मिळून दोन वर्षं झाली होती तेव्हाची गोष्ट. २०१६ चा उन्हाळा. एका जिल्हा न्यायालयात फौजदारी वकिलांकडे मी ज्युनिअर होते. केस मोक्काची, म्हणजे महाराष्ट्राच्या संघटित गुन्हेगारीविरोधी कायद्याची, आरोपी अकरा, आमचा सात नंबरचा. वय बावीस. त्याची आई दर तारखेला पहाटेच्या एसटीनं यायची, आवारातल्या झाडाखाली डबा मांडीवर घेऊन बसायची आणि मी दिसले की एकच विचारायची, "वकीलबाई, किती दिवस झाले?" मी डायरीत बघून आकडा सांगायचे.

मोक्कात नव्वद दिवसांत दोषारोपपत्र आलं नाही, तर आरोपीला जामीन मागण्याचा हक्क मिळतो, तीच डिफॉल्ट बेल. पहिला रिमांड, म्हणजे कोठडीत ठेवण्याचा कोर्टाचा पहिला आदेश, ३ मार्चला झाला होता. रिमांडचा दिवस सोडून मोजायचं असं मी एका निकालात वाचलं होतं, म्हणून ४ मार्चपासून मोजत गेले. त्या हिशोबानं नव्वदावा दिवस १ जूनला येत होता. सुट्टीतलं कोर्ट चालू होतं, सिनियर औरंगाबाद खंडपीठात होते. २ जूनला सकाळी द्यायचा अर्ज टाइप करून मी फाइलला लावून ठेवला. १ जूनला दुपारी तपास अधिकारी गठ्ठे घेऊन आले आणि दोषारोपपत्र दाखल झालं. त्यांनीही माझ्यासारखंच मोजलं होतं. ३ मार्च धरला असता तर नव्वद दिवस ३१ मेलाच भरत होते. १ जूनला सकाळी अकरा वाजता माझा अर्ज कोर्टापुढे असता, तर निदान भांडायला जागा तरी राहिली असती. तो मुलगा त्यानंतर तीन वर्षं आत होता.

मोजणीबद्दल तेव्हा सर्वोच्च न्यायालयाचेच निकाल दोन बाजूंना होते. १९८६ च्या चागंटी सत्यनारायण निकालात रिमांडचा दिवस धरला होता, नंतरच्या काहींत तो वगळला होता. हा घोळ मिटला २७ मार्च २०२३ रोजी, कपिल वाधवान यांच्या ईडी प्रकरणात. तीन न्यायमूर्तींच्या पीठानं सांगितलं, रिमांडचा दिवस धरायचा.   निकाल वाचला त्या रात्री मला झोप लागली नाही. पण खरं सांगायचं तर २०१६ मध्येही माझ्या हातात उपाय होता. कायदा दोन बाजूंनी बोलत असेल तर आपल्या अशिलाला जवळची तारीख धरून अर्ज द्यायचा. तो मुदतीआधीचा म्हणून फेटाळला गेला तर दुसऱ्या दिवशी पुन्हा द्यायचा. दोन अर्जांना जाणारा कागद तो कितीसा!

आता मूळ मुद्दा, कारण नवीन मुलं इथेच गोंधळतात. "विशेष कायदा आहे, मग साठ-नव्वद दिवस लागू कसे?" असं मला अनेकदा विचारलं जातं. मोक्काचं कलम २१(२) स्वतः उघडून वाचा. साठ-नव्वद दिवसांची मुदत फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६७ मध्ये आहे, आणि मोक्का ते बाजूला सारत नाही. उलट, १६७ लागू राहील, फक्त त्यातले आकडे असे वाचा, असं सांगतं. पंधराच्या जागी तीस, साठच्या जागी नव्वद. शिवाय एक परंतुक, म्हणजे जोडअट, घालतं, की तपास नव्वद दिवसांत संपणं शक्य नसेल तर विशेष न्यायालय सरकारी वकिलांच्या अहवालावरून मुदत एकशे ऐंशीपर्यंत वाढवू शकतं. यूएपीए या दहशतवादविरोधी कायद्याच्या ४३-डी(२) चा साचा हाच. एनडीपीएस या अमली पदार्थांच्या कायद्याचं ३६-ए(४) थोडं वेगळं आहे. व्यावसायिक मात्रेच्या, म्हणजे कायद्यानं ठरवलेल्या मोठ्या साठ्याच्या, आणि कलम १९, २४, २७-ए च्या गुन्ह्यांत सुरुवातच एकशे ऐंशीपासून होते, आणि वाढ एक वर्षापर्यंत. म्हणजे विशेष कायदा तुमच्या हक्काची तारीख पुढे ढकलतो, हक्क पुसत नाही. १ जुलै २०२४ पासून १६७ ची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७ नं घेतली, तरी रचना तीच आहे.

हे इतकं महत्त्वाचं का, ते मोक्काच्या एका नेहमीच्या जामीन अर्जावर काम केलं की कळतं. तिथे २१(४) आडवं येतं. आरोपी दोषी नाही असं मानायला वाजवी कारण आहे आणि तो जामिनावर असताना गुन्हा करणार नाही, अशी कोर्टाची खात्री पटावी लागते. एनडीपीएसला ३७, यूएपीएला ४३-डी(५). गुणदोषावरचं ते दार फार जड असतं. डिफॉल्ट बेलला या अटी लागत नाहीत. तिथे पुराव्याबद्दल एक शब्दही बोलायचा नसतो, फक्त मुदत संपली, दोषारोपपत्र नाही, आणि आरोपी जामीन द्यायला तयार आहे, एवढंच. २०२० च्या बिक्रमजित सिंग निकालानं हा हक्क थेट संविधानाच्या अनुच्छेद २१ शी जोडला. तपास यंत्रणेनं ठरल्या वेळेत काम केलं नाही तर माणसाला कोंडून ठेवता येत नाही, इतकी ही साधी आणि मोठी गोष्ट आहे. माझ्या मते ज्युनिअरच्या हातात पडणारं याहून मोलाचं काम फौजदारीत दुसरं नाही.

पण हा हक्क आपोआप हातात पडत नाही. १९९४ मध्ये संजय दत्त प्रकरणात घटनापीठानं सांगितलं की दोषारोपपत्र येण्याआधी हक्क बजावला नाही तर तो संपतो. 'बजावला' म्हणजे काय, याचं उत्तर २००१ च्या उदय आचार्य निकालात मिळालं. आरोपीनं अर्ज दिला आणि जामीन देण्याची तयारी दाखवली, की हक्क बजावला. कोर्टानं आदेश कधी केला याला महत्त्व नाही. २०२० च्या एम. रवींद्रन प्रकरणात, एनडीपीएसच्या केसमध्ये, आरोपीचा अर्ज सकाळी साडेदहाला दाखल झाला होता आणि डीआरआय या महसूल गुप्तचर यंत्रणेची तक्रार, म्हणजे तिथलं दोषारोपपत्रच, त्याच दिवशी दुपारी चार पंचवीसला. आरोपीला जामीन मिळाला. म्हणून मी ज्युनिअरना सांगते, अर्जावर शिक्क्यासोबत वेळही लिहून घ्या. शिरस्तेदार कुरकुर करतील, तरी नम्रपणे आग्रह धरा. ई-फायलिंग असेल तर पावतीचा स्क्रीन तिथल्या तिथे जपून ठेवा.

भीमा-कोरेगाव प्रकरणात हे सगळ्या महाराष्ट्रानं पाहिलं. १ डिसेंबर २०२१ रोजी मुंबई उच्च न्यायालयानं त्यातल्या आरोपी, वकील सुधा भारद्वाज यांना डिफॉल्ट बेल दिली. पुण्यात ज्या सत्र न्यायाधीशांनी मुदतवाढ दिली होती, ते एनआयए (राष्ट्रीय तपास यंत्रणा) कायद्याखाली नेमलेलं विशेष न्यायालय नव्हते आणि पुण्यात असं न्यायालय तर अस्तित्वात होतं. मग वाढ टिकली नाही. पण त्याच निकालात बाकीच्या आठ जणांना नकार मिळाला, कारण त्यांचा तसा अर्ज वेळेत कोर्टापुढे नव्हता. भारद्वाज यांचा मात्र दोषारोपपत्र येण्यापूर्वीच रेकॉर्डवर होता. केस एकच, फरक अर्जाचा आणि तारखेचा. नवीन वकिलानं तो निकाल पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचावा.

मुदतवाढीच्या दिवशी काय बघायचं, यावर सगळ्यात जास्त वेळ घालवा. विशेष कायद्याच्या केसमध्ये खरी लढाई त्या दिवशी असते, एक्क्याण्णवाव्या दिवशी बहुतेक वेळा उशीर झालेला असतो. अहवाल सरकारी वकिलांचा हवा. तपास अधिकाऱ्याच्या पत्रावर नुसती सही करून पुढे पाठवलेला कागद नव्हे, हे १९९४ च्या हितेंद्र विष्णू ठाकूर निकालानं टाडा या जुन्या दहशतवादविरोधी कायद्याच्या संदर्भात सांगितलं आणि ते आजही उपयोगी पडतं. त्यात तपास कुठवर आला आणि या विशिष्ट आरोपीला आत ठेवायची गरज काय, हे दोन्ही दिसायला हवं. "तपास गुंतागुंतीचा आहे" एवढ्यावर भागत नाही. तरी केवळ मांडणीतल्या उणिवेवर विसंबू नका. भीमा-कोरेगावमधलेच आरोपी सुरेंद्र गडलिंग यांच्या प्रकरणात उच्च न्यायालयानं मुदतवाढ रद्द केली होती, सर्वोच्च न्यायालयानं २०१९ मध्ये तो आदेश फिरवला. मुद्दा आशयाचा मांडा.

दुसरी गोष्ट, आरोपी त्या क्षणी कोर्टापुढे होता का? प्रत्यक्ष किंवा व्हीसीवर (व्हिडिओ कॉन्फरन्सवर). आणि मुदतवाढीचा प्रश्न विचारात घेतला जातोय हे त्याला सांगितलं गेलं का? २०२२ च्या जिगर आदातिया निकालात, गुजरातच्या संघटित गुन्हेगारी कायद्याखालच्या केसमध्ये, न्या. अभय ओक यांनी लिहिलं की ही औपचारिकता नाही. आरोपींना हजर न करता दिलेली वाढ बेकायदा ठरली. हे सगळं सापडतं रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या त्या-त्या तारखेच्या कामकाजाच्या नोंदीत. रिमांडच्या प्रत्येक तारखेच्या रोजनाम्याची प्रमाणित नक्कल मागा, आदेशाची वाट बघत बसू नका. रोजनामा कंटाळवाणा असतो, अक्षर लागत नाही, पण "आरोपी हजर नाही" ही तीन शब्दांची नोंद तिथेच असते.

आणि हेही लक्षात घ्या. सरकारी वकिलांचा अहवाल मुदत संपण्याआधी दाखल झाला असेल आणि त्यावर निर्णय व्हायचा असेल, तर आधी त्याचा निकाल लागतो, मग तुमच्या अर्जाचा. मोक्काच्याच रंबीर शोकीन प्रकरणात २०१८ मध्ये हे ठरलं. म्हणून त्या अहवालाला लेखी विरोध त्याच दिवशी द्या.

काही मुद्द्यांत वेळ घालवू नका. खटल्याची मंजुरी अजून आलेली नाही म्हणून दोषारोपपत्र अपूर्ण, हा युक्तिवाद मोहात पाडतो. जळगावच्या सुरेश जैन प्रकरणात २०१३ ला आणि यूएपीएच्या जजबीर सिंग प्रकरणात २०२३ ला तो चालला नाही.

कलमांकडे मात्र डोळ्यांत तेल घालून बघा. गांजा वीस किलोपेक्षा जास्त असेल तर एकशे ऐंशी दिवस. पण एक किलोच्या वर आणि वीसच्या आत असेल तर शिक्षा दहा वर्षांपर्यंत आहे, किमान मर्यादा नाही. तिथे २०१७ च्या राकेश कुमार पॉल निकालाच्या आधारे साठ दिवसांचा दावा करता येतो. नव्या संहितेत शब्द बदलून "दहा वर्षे किंवा अधिक" झाले आहेत, त्यामुळे सरकार पक्ष नव्वद म्हणेल, तुम्ही साठाव्या दिवसानंतर लगेच अर्ज देऊन भांडा. तसंच, आता भारतीय न्याय संहितेतच संघटित गुन्हेगारीचं कलम १११ आहे. फक्त तेच लावलं असेल आणि मोक्का नसेल, तर नव्वदच्या पुढे वाढ द्यायची तरतूदच नाही. मोक्का मागाहून लावला तरी त्याच गुन्ह्यातली मोजणी पहिल्या रिमांडपासूनच धरा, नव्यानं नाही. गुन्ह्याच्या पहिल्या पानावरची कलमं आणि शेवटच्या रिमांड अहवालातली कलमं शेजारी ठेवून वाचायची सवय लावून घ्या.

शेवटचं काम जामीनदाराचं, आणि त्यात गरिबांची फार ओढाताण होते. आदेश झाला, पण जामीन भरला नाही आणि मध्येच दोषारोपपत्र आलं, तर हातातला हक्क निसटू शकतो. ऐपतीचा दाखला तहसील कार्यालयातून एका दिवसात निघत नाही. म्हणून मी नव्वदाव्या दिवसाच्या तीन आठवडे आधी घरच्यांना बोलावते. सातबारा कुणाच्या नावावर, दाखला कधी निघेल, तोवर रोख जामिनावर सोडण्याची विनंती करायची का, हे तेव्हाच ठरतं. अट जाचक वाटली तर २०२० चा सरवणन निकाल दाखवा. डिफॉल्ट बेलसाठी रक्कम जमा करण्याची अट घालता येत नाही असं त्यात म्हटलं आहे.

दोन वर्षांपूर्वी माझ्याकडे असंच एक प्रकरण आलं. पुन्हा मोक्का, पुन्हा एक तरुण मुलगा, यावेळी त्याची बहीण यायची. मुदतवाढीच्या तारखेचा रोजनामा काढला. आरोपी कारागृहातून आणलेला नव्हता, व्हीसीही झालेलं नव्हतं. एक्क्याण्णवाव्या दिवशी सकाळी दहा पन्नासला अर्ज दिला, वेळ लिहून घेतली. खालच्या कोर्टात नाकारला गेला, उच्च न्यायालयात मिळाला. जामीनदाराची पडताळणी, सुटकेचा आदेश, मग संध्याकाळी कारागृहाची जामीन पेटी, म्हणजे सुटकेचे आदेश टाकायची पेटी, उघडण्याआधी तो कागद तिथे पोचवायची धावपळ. पेटी चुकली की आणखी एक रात्र. माझी ज्युनिअर स्कूटरवरून गेली आणि पोचली. फाटकाबाहेर त्याच्या बहिणीनं तिला विचारलं, "ताई, आता तारीख कधी?" आणि पोरीनं डायरी उघडून सांगितली.