भागाकार येतो, पण बाकीचं काय करायचं?

पोलीस भरती किंवा तलाठीची तयारी नव्याने सुरू करणाऱ्या पोरांना मी अभ्यासिकेत आधी एकच विचारतो: भागाकार झाला, बाकी उरली, आता तिचं काय करशील? भागाकार सगळ्यांनाच येतो. शाब्दिक उदाहरणात मार्क जातात ते बाकीपाशी.

आपल्या पिंपळगाव बसवंतच्या बाजारात टोमॅटोचा भाव वीस किलोच्या जाळीवर (क्रेटवर) निघतो. समजा माल १,२५३ किलो आहे. २० ने भागलं की भागाकार ६२, बाकी १३. आता प्रश्न बघा. पूर्ण भरलेल्या जाळ्या किती? ६२. सगळा माल न्यायला जाळ्या किती लागतील? ६३, कारण उरलेले तेरा किलो कोणी रस्त्यावर ओतत नाही. शेवटच्या जाळीत किती किलो? १३. ती भरायला अजून किती हवेत? ७. भागाकार एकच, उत्तरं चार, आणि पेपर काढणारा पर्यायांत हीच चार ठेवून मोकळा होतो. म्हणून प्रश्नाचं शेवटचं वाक्य आधी वाचायचं, आकडे नंतर. शेतकऱ्याच्या पोराला बाजारात हे शिकवावं लागत नाही. तोच पोरगा पेपरात ६२.६५ जाळ्या काढून बसतो.

वारांच्या गणितात तर भागाकार फेकून द्यायचा, बाकी तेवढी ठेवायची. २६ जानेवारी २०२६ ला सोमवार. त्यानंतर १०० व्या दिवशी कोणता वार? १०० ला ७ ने भागून बाकी २, म्हणून बुधवार. बोटं मोजत बसायचं काम नाही.

विभाज्यतेच्या कसोट्या पाठ असतात, पण त्या पर्याय उडवायला वापरायच्या हे फार थोड्यांच्या लक्षात येतं. ‘मैदानावर १८-१८ च्या रांगा केल्या, कोणी उरलं नाही, तर एकूण मुलं किती असू शकतील?’ पर्याय: ४,३१२, ४,३४७, ४,३५६, ४,३७०. अंकांची बेरीज ९ च्या पटीत हवी, म्हणून पहिला आणि शेवटचा गेला. ४,३४७ ची बेरीज १८ येते खरी, पण संख्या विषम आहे. राहिला ४,३५६. भागाकार करावाच लागला नाही. एक जपून: १८ साठी २ आणि ९ बघायचे, ३ आणि ६ नाही. १२ साठी ३ आणि ४. ज्या दोन संख्यांत १ सोडून सामाईक अवयव नाही, तीच जोडी चालते.

लसावि की मसावि, हा गोंधळ फार जुना. ‘पुन्हा एकत्र कधी’ विचारलं की लसावि (दिलेल्या सगळ्या संख्यांनी भाग जाणारी लहानात लहान संख्या), ‘मोठ्यात मोठा समान तुकडा’ विचारला की मसावि (सगळ्यांना भाग घालणारी मोठ्यात मोठी संख्या). समजा नाशिकच्या सीबीएस बसस्थानकावरून तीन गाड्या सकाळी ६ ला एकदम सुटल्या आणि पुढे दर १५, २० व २५ मिनिटांनी सुटत राहिल्या. लसावि ३०० मिनिटं, म्हणजे पुन्हा ११ वाजता. (एसटी वेळेवर सुटते, हे गणितापुरतं मान्य करायचं.)

यातलाच एक अवघड वाटणारा प्रकार: ४, ५, ६ ने भागल्यावर अनुक्रमे ३, ४, ५ बाकी उरणारी लहानात लहान संख्या कोणती? बाक्या वेगळ्या दिसल्या की पोरं घाबरतात. पण प्रत्येक ठिकाणी पूर्ण भाग जायला एकच कमी पडतोय. लसावि ६०, त्यातून १ वजा, उत्तर ५९.