कुंडीतले लिंबू आणि अंगणातले पपनस

गोव्याच्या जांभ्या मातीत पाणी झिरपते, पण अन्नद्रव्येही वाहून जातात. म्हणून कागदी लिंबासाठी दीड फूट व्यासाची, तळाला भोके असलेली कुंडी घेऊन तीत माती, कुजलेले शेणखत आणि थोडी जाड वाळू भरावी. कलम केलेले रोप घ्यावे, कारण बियांपासून वाढवलेले झाड फळाला बरीच वर्षे घेते. कलमाचा जोड मातीच्या वर राहिलाच पाहिजे. पावसाळ्यात कुंडीखालची ताटली काढून ठेवावी.

डिसेंबरात पाणी हळूहळू कमी करून झाडाला ताण द्यावा, आणि पाने मलूल दिसू लागताच खत घालून पाणी सुरू करावे, म्हणजे बहार येतो. लिंबाचे फूल स्वतःच्याच परागाने फळते. मात्र मधमाश्या न फिरकणाऱ्या बाल्कनीत सकाळी मऊ कुंचल्याने पुंकेसरांवरची पिवळी भुकटी मधल्या चिकट, गोलसर कुक्षीवर अलगद टेकवावी. बरीचशी फुले तरीही गळतात, त्याने घाबरू नये.

चतुर्थीच्या माटोळीसाठी, म्हणजे गणपतीच्या वर टांगायच्या फळाफुलांच्या चौकटीसाठी, हौसेने लावलेल्या पपनसाचे मात्र निराळे आहे: बहुतेक पपनसांना स्वतःचा पराग चालत नाही, तेव्हा शेजारच्या वेगळ्या झाडाचे ताजे फूल आणून त्याचे पुंकेसर थेट कुक्षीवर घासावेत. एकाच झाडाची दोन कलमे लावून हा प्रश्न सुटत नाही.

कोवळ्या पानांवर पक्ष्याच्या विष्ठेसारखे दिसणारे ठिपके हलले, तर त्या फुलपाखराच्या अळ्या समजून हाताने वेचाव्यात.