नोकरशाहीवरचा मूकपट सोसायटीत कसा दाखवावा

ठाण्यात नौपाड्यातील एखाद्या सोसायटीच्या सभागृहात कोते मिकाबेरिद्झे यांचा 'माझी आजी' हा १९२९ सालचा जॉर्जियन मूकपट दाखवायचा असेल, तर प्रथम प्रतीची गती तपासावी. कारण त्या काळातील पुष्कळ चित्रपट सेकंदाला २४ पेक्षा कमी चौकटींनी चित्रित होत आणि ते आजच्या गतीने चालवले की पात्रे उगाच धावत सुटतात व टेबलाभोवती निवांत बसलेल्या कारकुनांचा आळस, जो या विनोदाचा प्राण आहे, तोच हरवतो.

पडद्यावरील पाट्यांचे मराठी भाषांतर एका स्पष्ट आवाजाच्या व्यक्तीने वाचावे, मात्र विनोद समजावून सांगू नये.

माझ्या मते सर्वाधिक मेहनत संगीतावर घ्यावी. पेटी आणि तबला पुरेसे आहेत. आपल्याकडे मूकपटांच्या काळातही ही वाद्ये पडद्यापाशी वाजत असत. बडतर्फ झालेला नायक नव्या नोकरीसाठी वशिला शोधत हिंडतो, तेथे वादकांनी लय हळूहळू चढवावी आणि मोजक्या ठिकाणी पूर्ण थांबावे, म्हणजे प्रेक्षकांचे हसू मोकळेपणी उमटते.

सोव्हिएत राजवटीत या चित्रपटावर अनेक दशके बंदी होती, एवढे प्रारंभी अवश्य सांगावे.