सुपरहिरो सिनेमातली लपलेली पात्रं ओळखताना या चुका टाळा

‘कॅप्टन अमेरिका: द फर्स्ट अव्हेंजर’ (२०११) या सिनेमात स्टार्क एक्स्पो या तंत्रज्ञान-प्रदर्शनाच्या गर्दीत एक काचेचं नळकांडं दिसतं. आत लाल पोशाखातला पुतळा, सोबत पाटी: डॉक्टर फिनियस हॉर्टन यांचा ‘सिंथेटिक मॅन’. कॅमेरा तिथे थांबत नाही, पुढे सरकतो. मी पहिल्यांदा पॉज करून पाटी वाचली तेव्हा एकदम उडालोच. ह्यूमन टॉर्च, म्हणजे अंगाने पेट घेणारा मार्वलचा सुपरहिरो! मग पुढची दोन वर्षं भेटेल त्याला सांगत सुटलो की फॅन्टास्टिक फोर या सुपरहिरो चौकडीतला जॉनी स्टॉर्म (त्यालाही ह्यूमन टॉर्चच म्हणतात) इथे लपवलाय.

नाव बरोबर होतं, माणूस चुकला होता. खरं तर माणूसही नव्हे. कॉमिक्समधला पहिला ह्यूमन टॉर्च हा हॉर्टनने बनवलेला कृत्रिम मानव, आणि तो आला १९३९ साली, ‘मार्वल कॉमिक्स’च्या पहिल्याच अंकात. जॉनी स्टॉर्म १९६१ चा, म्हणजे बावीस वर्षांनी धाकटा. हा जुना टॉर्च हवेशी संबंध आला की पेट घ्यायचा, म्हणून त्याला काचेत कोंडून ठेवलं होतं. म्हणजे सिनेमातली ती काच शोभेची नाही, तीच मुख्य खूण आहे, आणि मी नेमकी तीच सोडून पोशाखाचा रंग बघत बसलो. माझी दिशाभूल व्हायला आणखी एक कारण होतं. सिनेमाचा नायक ख्रिस इव्हान्स याने २००५ मध्ये जॉनी स्टॉर्मचीच भूमिका केली होती. डोक्यात तोच बसला होता.

नाव सापडलं म्हणजे पात्र सापडलं असं नाही

कॉमिक्समध्ये एकेक नाव चार-चार जणांनी वापरलेलं असतं. बॅटमॅनच्या ‘द डार्क नाइट रायझेस’च्या (२०१२) शेवटी पोलीस असलेल्या जॉन ब्लेकचं खरं नाव रॉबिन असल्याचं कळतं, आणि लगेच लोक ‘हाच डिक ग्रेसन’, म्हणजे बॅटमॅनचा पहिला साथीदार रॉबिन, म्हणून मोकळे होतात. कॉमिक्समध्ये रॉबिन झालेल्यांपैकी तो कोणीच नाही: डिक ग्रेसन नाही, जेसन टॉड नाही, टिम ड्रेकही नाही. ब्लेक सिनेमासाठी नव्याने रचलेला आहे, रॉबिन हे नाव फक्त मानवंदना म्हणून दिलंय. म्हणून नाव दिसलं की आधी दोन गोष्टी बघाव्या: हे नाव कॉमिक्समध्ये कोणाकोणाचं होतं, आणि पडद्यावरच्या आजूबाजूच्या वस्तू त्यांपैकी कोणाशी जुळतात. पाटी, काच, गाव, आडनाव, काहीही चालेल. एकट्या नावावर पैज लावू नये.

आजचा अर्थ कालच्या सिनेमावर लादू नका

सगळ्यात जास्त घोळ इथे होतो, आणि तो करणारे बहुधा अभ्यासूच असतात.

‘आयर्न मॅन २’ (२०१०) मध्ये आयर्न मॅनचा मुखवटा घातलेला एक लहान मुलगा खलनायक हॅमरच्या ड्रोनसमोर हात उगारून उभा राहतो. टोनी स्टार्क, म्हणजे खरा आयर्न मॅन, मागून येऊन ड्रोन उडवतो आणि त्याला शाबासकी देऊन निघून जातो. हा मुलगा पीटर पार्कर, म्हणजेच स्पायडर-मॅन, असं आज बेधडक सांगितलं जातं. पण २०१० साली स्पायडर-मॅनचे सिनेमाचे हक्क सोनीकडे होते. मार्वलच्या सिनेमांत त्याला आणण्याचा करार जाहीर झाला २०१५ मध्ये, आणि तो पडद्यावर आला २०१६ मध्ये. मुखवट्यामागे होता दिग्दर्शक जॉन फॅव्हरोचा मुलगा. तो पीटर होता हे पीटर साकारणाऱ्या टॉम हॉलंडने सांगितलं २०१७ मध्ये. कल्पना गोड आहे, माझी हरकत नाही. फक्त ‘मार्वलने सात वर्षं आधी पेरून ठेवलं होतं’ असं म्हणू नका. पेरलं नव्हतं, उगवलेलं बघून मागाहून शेत आपलं म्हटलंय.

याच्या उलट प्रकार ‘थॉर’मध्ये (२०११) आहे. थॉरच्या वडिलांच्या, ओडिनच्या, तिजोरीत सगळे शक्तिशाली खडे बसवलेला इन्फिनिटी गॉन्टलेट, म्हणजे धातूचा पंजा, ठेवलेला दिसतो. तेव्हा ती गंमत होती, कॉमिक्सवाल्यांना घातलेला डोळा. पुढे हे खडे मिळवू पाहणाऱ्या खलनायक थॅनॉसची कथा मोठी झाली आणि हीच गंमत अडचणीची ठरली. खडे तर अजून विश्वभर विखुरलेले. शिवाय ओडिनकडचा पंजा उजव्या हाताचा, आणि २०१५ मध्ये थॅनॉसने घातला तो डाव्या हाताचा. काही दिवस ‘दोन गॉन्टलेट आहेत’ ही थिअरी जोरात चालली. शेवटी ‘थॉर: रॅग्नारॉक’मध्ये (२०१७) थॉरची बहीण हेला त्याच तिजोरीतून फिरते, तो पंजा ढकलून पाडते आणि एका शब्दात निकाल लावते: नकली. सहा वर्षांची चूक दोन सेकंदांत निस्तरली! मला हा प्रसंग आख्ख्या मालिकेतल्या सगळ्यात हुशार दुरुस्त्यांपैकी एक वाटतो.

कॅप्टन अमेरिकाच्या ‘विंटर सोल्जर’मध्ये (२०१४) छतावर घाबरलेला सिटवेल, हायड्रा या खलनायकी संघटनेचा माणूस, हायड्राच्या निशाण्यावरची माणसं मोजतो, त्यात स्टीफन स्ट्रेंज, म्हणजे पुढचा जादूगार डॉक्टर स्ट्रेंज, हे नाव येतं. त्यावरून स्ट्रेंज तेव्हाच जादूगार झाला होता असं धरून कालरेषेचे वाद घालू नका. त्याच संवादात सिटवेल सांगतो की यादी आज धोका असलेल्यांची आणि पुढे धोका होऊ शकणाऱ्यांचीही आहे. उत्तर वाक्याच्या शेपटात आहे, पण नाव ऐकल्यावर पुढचं कोणी ऐकतच नाही.

कॅमिओ म्हणजे वचन नव्हे

कॅमिओ म्हणजे एखाद्या पात्राची किंवा नटाची छोटीशी झलक. डॉक्टर कर्ट कॉनर्स आठवा. सॅम रेमीच्या ‘स्पायडर-मॅन २’ (२००४) आणि ‘स्पायडर-मॅन ३’ (२००७) मध्ये डिलन बेकरने हे पात्र केलं. एक हात नसलेला प्राध्यापक. कॉमिक्स वाचणारा प्रत्येक जण वाट बघत बसला की आता हा लिझर्ड, म्हणजे सरड्यासारखा खलनायक, होणार. झालाच नाही. चौथा सिनेमा बनला नाही, आणि २०१२ मध्ये लिझर्ड आला तो वेगळ्या मालिकेत, वेगळ्या नटाचा.

उलटही घडतं. ‘द इन्क्रेडिबल हल्क’मध्ये (२००८) शास्त्रज्ञ सॅम्युअल स्टर्न्सच्या कपाळावरच्या जखमेत बॅनरचं, म्हणजे हल्कचं, रक्त ठिबकतं, डोकं फुगायला लागतं, आणि तो हसतो. हा हल्कचा शत्रू ‘लीडर’ होणार हे उघड होतं. टिम ब्लेक नेल्सन त्या भूमिकेत परतला २०२५ मध्ये. सतरा वर्षांनी! तोवर किती जणांनी आशा सोडली असेल. (आणि दर नव्या मालिकेत मेफिस्टो, म्हणजे मार्वलचा सैतान, शोधणाऱ्यांनो, ‘वांडाव्हिजन’च्या वेळी तुमच्याबरोबर मीही होतो. माशीतसुद्धा मेफिस्टो दिसत होता.)

नट की पात्र?

या दोन गोष्टी वेगळ्या ठेवा, निम्मे वाद मिटतील. ‘रॅग्नारॉक’मध्ये मॅट डेमन दिसतो तो थॉरच्या अस्गार्ड नगरीतल्या नाटकात थॉरच्या भावाचं, लोकीचं, काम करणारा एक नट म्हणून. कॅमिओ नटाचा आहे, कॉमिक्समधल्या कुणाचा नाही. ‘शझॅम!’च्या (२०१९) शेवटी सुपरमॅन शाळेच्या कँटीनमध्ये येतो, पण चेहरा दिसतच नाही. तिथे तेव्हा सुपरमॅन साकारणारा हेन्री कॅव्हिल नव्हताच, पोशाखात दुसराच माणूस होता. कॅमिओ पात्राचा आहे, नटाचा नाही. मार्वल कॉमिक्सचा लेखक स्टॅन ली सिनेमांत बहुतेक वेळा कुणी तरी अनोळखी माणूस असतो, पण २००५ च्या ‘फॅन्टास्टिक फोर’मध्ये तो विली लम्पकिन झालाय, म्हणजे कॉमिक्समधला खराखुरा पोस्टमन. तिथे दोन्ही एकत्र.

‘मला दिसतच नाही’

हा प्रश्न वारंवार येतो आणि दोष बहुधा डोळ्यांचा नसतो. ‘डेडपूल २’मध्ये (२०१८) अदृश्य व्हॅनिशर पॅराशूटसकट विजेच्या तारांवर आदळतो, आणि झटका बसताना क्षणभर ब्रॅड पिटचा चेहरा चमकतो. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेम या वेगाने चालतो, म्हणजे अर्धा सेकंद म्हटला तरी जेमतेम १२ फ्रेम. पॉजच्या बटणावर नेम धरून ते साधणार नाही. व्हीएलसी प्लेअरमध्ये थोडं आधी थांबा आणि ‘ई’ची कळ दाबत एकेक फ्रेम पुढे जा. यूट्यूबवर क्लिप असेल तर पॉज केल्यावर पूर्णविरामाच्या कळीने एक फ्रेम पुढे, स्वल्पविरामाच्या कळीने एक मागे.

गडद दृश्यात कडेची आकृती नुसता चिखल दिसत असेल तर आधी व्हिडिओचं रिझोल्यूशन वाढवा, ब्राइटनेस नंतर. कमी रिझोल्यूशनच्या व्हिडिओत काळोखातला तपशील आधीच पुसलेला असतो. तिथे ब्राइटनेस वाढवून चौकोन तेवढे उजळतात.

स्ट्रीमिंगवर श्रेयनामावली सुरू होताच चौकट लहान होऊन पुढचा सिनेमा लागतो. ऑटोप्ले बंद करा. पोस्ट-क्रेडिट दृश्य तर हुकतंच, पण नावंही हुकतात. ‘बॅटमॅन व्हर्सेस सुपरमॅन’मध्ये (२०१६) वाळवंटात मारला जाणारा फोटोग्राफर हा कॉमिक्समधला सुपरमॅनचा मित्र जिमी ओल्सन होता, हे चित्रगृहात पाहणाऱ्यांना श्रेयनामावलीतच कळण्यासारखं होतं. लांबवलेल्या आवृत्तीत तो स्वतःचं नाव सांगतो. म्हणून वाद घालण्याआधी एकमेकांना विचारा, तू कुठली आवृत्ती पाहिलीस? ‘स्पायडर-मॅन: होमकमिंग’मधल्या (२०१७) ॲरन डेव्हिसचंही तसंच. सिनेमात तो फक्त एवढंच म्हणतो की माझा पुतण्या इथे राहतो; माइल्स (कॉमिक्समधला दुसरा स्पायडर-मॅन माइल्स मोरालेस) हे नाव वगळलेल्या दृश्यात आहे.

राहिले बनावट स्क्रीनशॉट. कुणी फोटो पाठवला तर तो सिनेमातल्या कितव्या मिनिटाचा आहे ते विचारा, आणि स्वतः तिथे जाऊन बघा. ‘एंडगेम’च्या (२०१९) शेवटच्या लढाईत हॉवर्ड द डक, म्हणजे मार्वलचं बोलणारं बदक, आहे असं मला पहिल्यांदा कळलं तेव्हा मी तो फोटो सरळ खोटा ठरवला होता. मग जादूची पोर्टल (दारं) उघडून सगळे हिरो बाहेर येतात तिथे गेलो आणि एकेक फ्रेम सरकवत राहिलो. वास्प ही सुपरहिरोईन पुढे येते, आणि तिच्या मागे, गर्दीत, खरंच एक बदक उभं होतं.